कष्टाच्या कोटावरची चित्रकला

निळे जाडेभरडे कापड म्हटले की डोळ्यांपुढे कामगार उभा राहतो. इंग्रजांनी अशा कापडाला ‘डंगरी’ हे नावच मुळी मुंबईच्या डोंगरीवरून दिले. अमेरिकेत रिव्हेट ठोकलेली विजार निघाली तीही मजुरांसाठी. तिचे पेटंट १८७३ सालचे. आज त्याच जातीच्या डेनिमचे जाड जॅकेट जपानी कारागीर विणतात, त्यावर कलावंत हाताने चित्र काढतो, मोजकेच नग निघतात आणि त्याला ‘अंगावर घालायची कला’ म्हणतात. वाचकहो, श्रीमंतांचे खूळ म्हणून ते सोडून देण्याआधी थोडा जपानचा इतिहास पाहू.

एदो म्हणजे जुने टोकियो. सगळी लाकडी घरे, त्यामुळे आग नेहमीचीच. ती विझवायला जात ते बांधकामावर उंच चढणारे मजूर. सुती कापडाचे अनेक थर एकत्र शिवलेला निळीचा कोट अंगात घालायचा आणि पाण्याने चिंब भिजवून आगीत शिरायचे. भिजलेल्या कोटाचे ओझे किती होत असेल! कोटाच्या बाहेर पथकाची खूण, पण आत, अस्तरावर, हाताने रेखाटलेला ड्रॅगन नाहीतर एखादा वीर. सामान्यांनी भपका करू नये असा राज्यकर्त्यांचा दंडक होता. आग विझली की हे मजूर कोट उलटा करून घालत आणि चित्र मिरवीत घरी परतत. हौस आम्हाला समजते. ही तर जिवावर उदार होऊन केलेली हौस!

डेनिम जपानमध्ये नंतर आले. ओकायामा प्रांतातले कोजिमा हे गणवेश शिवणारे गाव. तिथे १९६०च्या दशकात अमेरिकन कापडाच्या जीन्स शिवू लागले. १९७३ साली कुराबो गिरणीने देशातच डेनिम विणले. जुन्या धोट्याच्या मागावर विणलेल्या कापडाचा पन्हा जेमतेम ३० इंच, काम संथ, पण काठ पक्का. नेहमीचे डेनिम चौरस वाराला १२ औंसांच्या आसपास, म्हणजे ३४० ग्रॅम. जाड डेनिम २१ औंसांचेही, म्हणजे जवळजवळ ६०० ग्रॅम. नवे जॅकेट अंगावर पुठ्ठ्यासारखे ताठ बसते.

१९९१ साली ओसाकात यामाने हिदेहिको यांनी एव्हिसू सुरू केली. जीन्सच्या मागच्या खिशांवर हाताने पांढरा समुद्रपक्षी रंगवला जाई. जॅकेटला पाठीचा मोठा फळा मिळतो. कोपरावर घडी पडून रंग तडकतो, म्हणून चित्र बहुधा पाठीवरच. आधी कापड धुऊन खळ काढायची, निळीचा डाग वर येऊ नये म्हणून पांढरा हात द्यायचा, मग तिरप्या विणीत रंग घासून भरायचा. वाळल्यावर उलट्या बाजूने इस्त्री.

चित्रकाराची सही जॅकेटवर असू शकते, विणकराची नसते, हे मात्र आम्हाला खटकते. एदोच्या मजुरांचे ते कोट न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियमच्या संग्रहातही गेले आहेत.