पट्टेवाला ते मुख्यमंत्री, पण पुढे काय?

सोलापूरच्या कोर्टात पट्टेवाला असलेला ढोर समाजातील तरुण 18 जानेवारी 2003 रोजी महाराष्ट्राचा मुख्यमंत्री झाला. सुशीलकुमार शिंदे यांचे कर्तृत्व आम्ही नाकारत नाही. कोर्टातून पोलीस खात्यात फौजदार, 1974 मध्ये करमाळ्याचे आमदार आणि 1998 व 1999 मध्ये सोलापूरचे खासदार. तेव्हा सोलापूर राखीव नव्हते, हे विसरू नका!

पण काँग्रेसने त्यांना काय दिले? 2002 मध्ये उपराष्ट्रपतिपदाची हरणारी लढत. 2004 ची विधानसभा शिंदे मुख्यमंत्री असताना आघाडीने जिंकली. खुर्ची मात्र विलासराव देशमुखांना आणि शिंदेंना आंध्रचे राजभवन! शिंदेंनी बंड केले नाही. पुढे ते केंद्रीय गृहमंत्रीही झाले, तेही श्रेष्ठींच्या मर्जीने. जागा राखीव असो वा खुली, तिकीट ज्याचे त्यालाच माणूस बांधील राहतो. संयुक्त मतदारसंघाबाबत बाबासाहेबांनी हेच बजावले होते.

2019 मध्ये सोलापुरात शिंदे आणि बाळासाहेब आंबेडकर दोघेही हरले, भाजप जिंकला. मतविभागणीचा ठपका आपल्या वस्त्यांवर आला. 2004 चा हिशेब मात्र काँग्रेसला कोणी विचारला नाही.