थकवा घालविणारी आरोग्यपच्चा : औषध गाजले, पान अडकले

सह्याद्रीची रांग आपल्याकडे तापीच्या दक्षिणेला सुरू होते आणि गोवा, कर्नाटक ओलांडीत पार केरळ-तामिळनाडूच्या सीमेपर्यंत जाते. त्या शेवटच्या टोकाला अगस्त्यमलै हा डोंगरांचा पुंजका आहे. अगस्त्यकूडम हे त्याचे शिखर १८६८ मीटर उंच. अगस्ती ऋषींनी इथे तप केले, अशी तिकडची श्रद्धा. (आपल्या नगर जिल्ह्यातल्या अकोल्यातही अगस्तींचा आश्रम आहेच. ऋषी सगळ्यांचेच!) या डोंगरांच्या केरळकडील उतारावर, तिरुवनंतपुरम जिल्ह्यात, कानी आदिवासींच्या वस्त्या आहेत. मध, वेत, बांबू गोळा करायचा, थोडीफार शेती करायची, असा त्यांचा संसार. पूर्वी हे लोक रानात फिरते होते, आता बहुतेक एका जागी राहतात.

डिसेंबर १९८७ मध्ये डॉ. पी. पुष्पांगदन यांच्या नेतृत्वाखाली शास्त्रज्ञांचे एक पथक या रानात गेले. आदिवासींना वनस्पतींची काय माहिती आहे, ती नोंदवून घेण्याचे काम केंद्र सरकारच्या एका देशव्यापी प्रकल्पातून चालले होते. वाट दाखवायला बरोबर कानी तरुण होते. चढ असा, की शहरातली माणसे तासाभरात धापा टाकू लागली. वाटाडे मात्र ताजेतवाने! मधून मधून ते कसलीशी बारीक काळी फळे तोंडात टाकीत होते. शास्त्रज्ञांनाही त्यांनी चार दिली. खाल्ल्यावर अंगात तरतरी आली, असे पथकातल्या लोकांनी पुढे सांगितले.

झाड कोणते, हे सांगायला मात्र वाटाडे तयार होईनात. हे आमच्या जमातीचे गुपित आहे, बाहेरच्याला सांगायचे नाही, असे त्यांचे म्हणणे. पुष्कळ मनधरणी झाली, ज्ञानाचा गैरवापर होणार नाही असा शब्द दिला गेला, तेव्हा कुठे त्यांनी झाड दाखविले. पुढच्या सगळ्या कथेचे मूळ या शब्दात आहे.

वीतभर झाड

त्याचे नाव आरोग्यपच्चा. मल्याळीत पच्चा म्हणजे हिरवे. आरोग्य देणारे हिरवे, असा अर्थ. झाड कसले, वीतभर उंचीचे झुडूपच म्हणा ना. लांब देठाची बदामी पाने आणि जमिनीलगत येणारी बारीक जांभळट-तपकिरी फुले. दाट सावली, ओलसर माती, ओढ्याचा शेजार असला की ते रमते. शास्त्रीय नाव ट्रायकोपस झेलॅनिकस. आपल्या कोनफळाच्या कुळातले आहे म्हटले तर पाहणाऱ्याला पटायचे नाही. झेलॅनिकस म्हणजे सिलोनचे. श्रीलंकेतही ते आढळते आणि १७८८ पासून वनस्पतिशास्त्राच्या पुस्तकात त्याची नोंद आहे. म्हणजे दोनशे वर्षे विद्वानांना झाडाचे नाव ठाऊक होते, आणि उपयोग ठाऊक होता तो पायी फिरणाऱ्या कानी माणसाला!

पुढे जम्मूच्या प्रादेशिक संशोधन प्रयोगशाळेत आणि तिरुवनंतपुरमजवळ पालोड येथील उष्णकटिबंधीय वनस्पती उद्यान व संशोधन संस्थेत त्याची तपासणी झाली. पुष्पांगदन पुढे याच संस्थेचे संचालक झाले. प्रयोग समजायला सोपा आहे. उंदरांना पाण्यात पोहायला लावायचे आणि ते किती वेळात दमतात हे पाहायचे. आरोग्यपच्चा दिलेले उंदीर न दिलेल्यांपेक्षा जास्त वेळ पोहले. वनस्पतीत ग्लायकोलिपिड, म्हणजे साखर आणि स्निग्धांश जोडलेली संयुगे, मिळाली. अंगातल्या रोगप्रतिकारक पेशी जाग्या करण्याचा गुणही प्रयोगात दिसला. स्टेरॉइड मात्र आढळले नाही. ताकदीच्या औषधांत असले काही मिसळलेले असते की काय, ही शंका नेहमी येते, म्हणून हे सांगितले.

अशा वनस्पतींना 'अ‍ॅडाप्टोजेन' म्हणतात. हा शब्द १९४७ मध्ये लाझारेव या सोव्हिएत शास्त्रज्ञाने काढला. श्रम, थंडी, उपास, जागरण यांचा ताण पडला तरी शरीराचा तोल सांभाळायला जी मदत करते ती, असा त्याचा मतलब. कोरिया-चीनचा जिनसेंग, सायबेरियातली ऱ्होडिओला, आपली अश्वगंधा ही त्याच पंगतीतली. आयुर्वेदातली रसायन ही कल्पना याच्या बरीच जवळची आहे. चहा-कॉफीने घटकाभर हुशारी येते आणि मग माणूस पुन्हा मरगळतो. या वनस्पतींचे तसे होत नाही, असा दावा आहे. दावा म्हणण्याचे कारण, उंदीर पोहला म्हणून माणूस डोंगर चढेलच असे नाही. बऱ्याच अ‍ॅडाप्टोजेनांबाबत माणसांवरच्या मोठ्या, काटेकोर चाचण्या थोड्याच आहेत. साखर, रक्तदाब यांची औषधे चालू असणाऱ्यांनी तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय असल्या गोळ्या-चूर्णाच्या वाटेला जाऊ नये.

निम्मा वाटा

पालोडच्या संस्थेने आरोग्यपच्चाची पाने, अश्वगंधा, पिंपळी आणि विष्णुक्रांता एकत्र करून 'जीवनी' हे चूर्ण तयार केले. नोव्हेंबर १९९५ मध्ये कोइमतूरच्या आर्य वैद्य फार्मसीला ते बनविण्याचा परवाना ७ वर्षांसाठी दिला. बदल्यात १० लाख रुपये आणि कारखान्यातून निघणाऱ्या मालाच्या किमतीवर २ टक्के रॉयल्टी. यातला निम्मा वाटा कानी समाजाला द्यायचा, असे संस्थेने ठरविले.

आज ही गोष्ट साधी वाटेल. पण त्या वेळी आपल्याकडे असा कायदाच नव्हता. आदिवासीने झाड दाखवायचे, कंपनीने बाटलीत भरायचे आणि आदिवासीला मिळाला तर चहा, हीच रीत. जागतिक जैवविविधता करार १९९२ चा, आपला जैवविविधता कायदा २००२ चा. त्या आधीच केरळातल्या एका सरकारी संस्थेने वाटणी करून दाखविली, म्हणून जगभर या प्रयोगाचे नाव झाले.

पैसे मात्र लगेच हातात पडले नाहीत, कारण द्यायचे कोणाला हा प्रश्न होता. नोव्हेंबर १९९७ मध्ये कानी समाजाचा ट्रस्ट नोंदला गेला आणि १९९९ मध्ये सुमारे ५ लाख १९ हजार रुपये त्याच्या खात्यात आले. त्यात रॉयल्टी किती? जेमतेम १९ हजार! बाकीचा सगळा परवान्याच्या रकमेचा निम्मा हिस्सा.

समाजातही एकमत नव्हते. शास्त्रज्ञांशी बोलणे झाले ते मुख्यतः एका पंचायतीच्या हद्दीतल्या कानींचे. इतर भागांतल्या वस्त्यांना कोणी विचारले नाही. कानींचे जे वैद्य, ज्यांना प्लाती म्हणतात, त्यांच्यातल्या काहींनी १९९५ मध्ये मुख्यमंत्र्यांना पत्र लिहून आमचे ज्ञान खासगी कंपनीला विकायला हरकत घेतली. चार-दोन वाटाड्यांनी सांगितले म्हणजे सगळ्या जमातीने सांगितले काय, हा त्यांचा सवाल होता, आणि तो रास्तच म्हणायला हवा. पुढे अमेरिकेत एका कंपनीने 'जीवनी' हे नावच आपल्या नावावर नोंदवून घेतले, तेव्हा आणखी बोभाटा झाला.

पान कोणाचे?

खरी अडचण आली ती पानांची. चूर्ण करायचे तर पाने भरपूर हवीत. हे झाड रानाबाहेर, उघड्या शेतात लावले तर गुण तितका उतरत नाही, असे संस्थेचे म्हणणे. म्हणून नव्वदीच्या दशकात कानी कुटुंबांना त्यांच्या वस्तीजवळ, रानाच्या सावलीतच लागवड करायला शिकविले. झाड न उपटता पाने खुडली तर तेच झाड पुन्हा पुन्हा पाने देते. म्हणजे रानही राहते आणि घरात दोन पैसेही येतात. योजना नामी होती.

पण जमीन वनखात्याची! जंगलातले पान म्हणजे गौण वनोपज, ते आमच्या परवानगीशिवाय तोडता येणार नाही, असे खात्याने बजावले. विक्रीला बंदी झाली, रोपे जप्त झाली. खात्याची भीतीही अगदीच खोटी नव्हती. औषधाचा गाजावाजा झाल्यावर बाहेरचे लोक झाडे मुळासकट उपटून नेऊ लागले होते. पण चोर मोकळे आणि ज्यांनी झाड दाखविले त्यांना बंदी, हा न्याय कुठला? पानांअभावी उत्पादन रखडले. उत्पादन नाही तर रॉयल्टी कुठून येणार! ट्रस्टने मिळालेल्या पैशातून समाजमंदिर, गाडी अशी कामे केली खरी, पण घरटी उत्पन्नाचे स्वप्न मागे पडले.

या प्रश्नाचे उत्तर काही अंशी महाराष्ट्रात सापडते. २००६ च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजाची मालकी गावकऱ्यांना दिली आणि जैवविविधतेविषयीच्या पारंपरिक ज्ञानावरचा सामूहिक हक्कही मान्य केला. गडचिरोलीच्या मेंढा-लेखा गावाला २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला. तरी बांबू विकायला वाहतुकीचा परवाना वनखातेच देणार, म्हणून गाडे अडले. एप्रिल २०११ मध्ये केंद्रीय मंत्री जयराम रमेश स्वतः गावात आले आणि परवान्याचे अधिकार ग्रामसभेकडे आले, तेव्हा कुठे गावाचा बांबू गावाला विकता आला. कानींना पानाबाबत जे हवे होते, ते हेच.

दुसरी बाब ज्ञानाची. २०२३ मध्ये जैवविविधता कायद्यात दुरुस्ती झाली. ग्रंथांत नोंदलेले पारंपरिक ज्ञान वापरणाऱ्यांना त्यात लाभ-वाटणीतून सूट मिळाली. म्हणजे अश्वगंधा-पिंपळीचे ज्ञान पोथीत आहे, त्याचा वाटा कोणी मागायचा नाही. पण जे पोथीत नाही, एखाद्या ठाकर, कातकरी, कोरकू किंवा पावरा म्हाताऱ्याच्या जिभेवरच आहे, त्याचा हक्क अजून शाबूत आहे. कायद्याप्रमाणे गावोगावी जैवविविधता व्यवस्थापन समिती असायला हवी आणि तिने लोकांना विचारून नोंदवही करायला हवी. पुष्कळ गावांत ही समिती कागदावरच आहे, आणि वही कोणाकडून तरी घाईघाईने भरून घेतलेली असते. आपल्या ग्रामपंचायतीत जाऊन ती एकदा मागून पाहा. त्यात कोणत्या झाडाचे नाव लिहिले आहे आणि कोणाला विचारून लिहिले आहे ते वाचा. आणि एखाद्या वैदूने उपयोग सांगितला, पण तो उघड करू नका असेही सांगितले असेल, तर तेवढा भाग गोपनीय ठेवण्याचा आग्रह ग्रामसभेतच धरा.