भिक्षा, गुन्हा आणि राज्यघटना : दिल्ली उच्च न्यायालयाच्या निर्णयाचा अन्वयार्थ

एखादी भुकेली व्यक्ती रस्त्यावर हात पसरते, तेव्हा ती गुन्हा करीत असते काय? दिल्लीच्या राष्ट्रीय राजधानी क्षेत्रात १९६० पासून २०१८ पर्यंत या प्रश्नाचे कायदेशीर उत्तर 'होय' असे होते. ८ ऑगस्ट २०१८ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाने हर्ष मंदर विरुद्ध भारत संघराज्य या प्रकरणात हे उत्तर बदलले. कार्यकारी मुख्य न्यायमूर्ती गीता मित्तल आणि न्यायमूर्ती सी. हरी शंकर यांच्या खंडपीठाने 'मुंबई भीक प्रतिबंधक अधिनियम, १९५९' या कायद्याची दिल्लीला लागू असलेली २५ कलमे घटनाबाह्य ठरविली. ज्या भूमीत हा कायदा जन्मला त्या महाराष्ट्रात मात्र तो या निर्णयाने संपुष्टात आला नाही. कायद्याचा मजकूर एकच, परंतु दोन राज्यक्षेत्रांत त्याची अवस्था भिन्न, असे का घडते? मूलभूत हक्क, निदेशक तत्त्वे, न्यायिक पुनर्विलोकन आणि उच्च न्यायालयांची अधिकारिता हे घटनेच्या अभ्यासातील चार महत्त्वाचे विषय या एकाच प्रकरणात एकत्र येतात.

मुंबईचा कायदा दिल्लीत कसा आला?

राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीतील समवर्ती सूचीत नोंद क्रमांक १५ भटकेगिरी आणि भटक्या व स्थलांतरित जमाती यांविषयी आहे. या विषयावर संसद आणि राज्य विधानमंडळ या दोघांनाही कायदा करता येतो. भीक मागण्याविषयी संपूर्ण देशाला लागू होणारा स्वतंत्र केंद्रीय कायदा नाही. निरनिराळ्या राज्यांनी आपापले कायदे केले आणि त्यांपैकी मुंबई राज्याचा कायदा अनेकांना नमुन्यासारखा उपयोगी पडला.

केंद्रशासित प्रदेशांसाठी स्वतंत्र कायदा करण्याऐवजी एखाद्या राज्यातील प्रचलित कायदा अधिसूचनेद्वारे तेथे लागू करण्याचा अधिकार १९५० च्या कायद्याने केंद्र सरकारला दिला आहे. अशा विस्ताराच्या वैधतेचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयासमोर १९५१ मध्ये 'दिल्ली लॉज ॲक्ट' प्रकरणात आला होता आणि प्रत्यायोजित विधिनियमाच्या अभ्यासात ते प्रकरण आजही पायाभूत मानले जाते. याच मार्गाने १९६० मध्ये मुंबईचा भीक प्रतिबंधक कायदा दिल्लीत लागू झाला. त्याच वर्षी १ मे रोजी द्विभाषिक मुंबई राज्याचे विभाजन झाले.

कायद्यातील तरतुदी

या कायद्याचे मर्म 'भीक मागणे' या शब्दप्रयोगाच्या व्याख्येत आहे. सार्वजनिक ठिकाणी भिक्षा मागणे किंवा स्वीकारणे, भिक्षेसाठी खासगी आवारात शिरणे, जखम अथवा व्यंग दाखवून पैसे मिळविणे या गोष्टी तिच्यात येतातच. गाणे, नाचणे, भविष्य सांगणे, खेळ करून दाखविणे किंवा एखादी वस्तू विक्रीस पुढे करणे अशा निमित्ताने मागितलेली भिक्षाही तिच्यात समाविष्ट आहे. महाराष्ट्रातील वाचकाच्या डोळ्यांसमोर येथे पहाटेचा वासुदेव, नंदीबैलवाला, कुडमुडे जोशी आणि पोतराज उभे राहतील. परंपरेने ज्या समाजांचे जगणे याच कलांवर अवलंबून होते, त्यांची उपजीविका या शब्दांच्या कक्षेत ओढली जाऊ शकते.

व्याख्येतील आणखी एक भाग अधिक व्यापक आहे. उपजीविकेचे कोणतेही दृश्य साधन नसताना, भिक्षेवर जगत असावी असे वाटण्याजोग्या स्थितीत सार्वजनिक ठिकाणी वावरणारी व्यक्तीही भिक्षेकरी ठरते. म्हणजेच प्रत्यक्ष हात पसरण्याचीही आवश्यकता नाही. गरीब आणि बेघर दिसणे पुरेसे आहे. अशा व्यक्तीस पोलीस अधिपत्राशिवाय अटक करू शकतात. संक्षिप्त चौकशीनंतर न्यायालय तिला किमान एक ते कमाल तीन वर्षे प्रमाणित संस्थेत, म्हणजे भिक्षेकरी गृहात, स्थानबद्ध ठेवू शकते. प्रथमच आढळलेल्या व्यक्तीस ताकीद देऊन सोडण्याची मुभा आहे. परंतु वारंवार आढळल्यास स्थानबद्धतेचा कालावधी दहा वर्षांपर्यंत जाऊ शकतो. भिक्षेकऱ्यावर अवलंबून असलेल्या व्यक्तींनाही स्थानबद्ध करण्याची तरतूद आहे.

२००६ चा टप्पा

२०१८ च्या निर्णयाची पूर्वतयारी दिल्ली उच्च न्यायालयातच झाली होती. २००६ मधील राम लखन प्रकरणात न्यायमूर्ती बदर दुर्रेझ अहमद यांनी भीक मागण्याच्या कारणांचे चार प्रकार केले : आळस, व्यसनाधीनता, टोळीकडून होणारे शोषण आणि उपासमार. शेवटच्या दोन स्थितींत व्यक्तीला निवड करण्याचे स्वातंत्र्यच नसते. म्हणून न्यायालयाने 'निकड' हा फौजदारी कायद्यातील मान्य बचाव तिला मिळाला पाहिजे, अशी दिशा दिली.

या निर्णयाने कायदा कायम ठेवला, मात्र त्याचा वापर विवेकाने करण्यास सांगितले. हा उपाय अपुरा ठरला. संक्षिप्त चौकशीत निरक्षर व निराधार व्यक्तीने आपली निकड वकिलाच्या साहाय्याविना सिद्ध करावी, ही अपेक्षा व्यवहारात फोल होती. २०१० च्या राष्ट्रकुल क्रीडा स्पर्धांपूर्वी राजधानीत फिरत्या न्यायालयांच्या साहाय्याने भिक्षेकऱ्यांविरुद्ध मोहिमा राबविल्या गेल्या. २००९ मध्ये दाखल झालेल्या याचिकेने म्हणूनच कायद्याच्या वापराला नव्हे, तर कायद्यालाच आव्हान दिले.

निर्णयाची घटनात्मक मीमांसा

उच्च न्यायालयाच्या युक्तिवादाचे दोन आधार आहेत. पहिला आधार अनुच्छेद १४ चा. वर्गीकरण वाजवी असावे आणि कायदा मनमानी नसावा, ही समानतेच्या हक्काची अट आहे. प्रस्तुत कायदा स्वेच्छेने भीक मागणारा आणि नाइलाजाने मागणारा यांत भेद करीत नाही. बेघर असणे आणि भीक मागणे यांतील सीमाही तो पुसून टाकतो. असमान स्थितीतील व्यक्तींना एकाच मापाने मोजणारा असा कायदा अनुच्छेद १४ च्या कसोटीस उतरत नाही.

दुसरा आधार अनुच्छेद २१ चा. १९७८ च्या मनेका गांधी प्रकरणापासून जीविताचे व व्यक्तिगत स्वातंत्र्याचे संरक्षण हे केवळ कार्यपद्धतीपुरते राहिलेले नाही. १९८१ च्या फ्रान्सिस कोराली मुलिन प्रकरणात मानवी प्रतिष्ठेने जगण्याचा हक्क या अनुच्छेदात वाचला गेला. १९८५ मध्ये मुंबईच्या पदपथवासीयांच्या ओल्गा टेलिस प्रकरणात उपजीविकेचा हक्कही त्यात समाविष्ट झाला. दिल्ली उच्च न्यायालयाने हीच विचारधारा पुढे नेली. अन्न, वस्त्र, निवारा आणि सामाजिक सुरक्षा पुरविणे हे राज्यसंस्थेचे कर्तव्य आहे. ते पार पाडण्यात राज्यसंस्था उणी पडते, तेव्हा नागरिक भिक्षेकडे वळतो. अशा वेळी त्याच नागरिकास अपराधी ठरविणे म्हणजे राज्यसंस्थेच्या उणिवेची शिक्षा पीडितास देणे होय.

येथे निदेशक तत्त्वांचे महत्त्व लक्षात येते. अनुच्छेद ४१ बेकारी, वार्धक्य, आजारपण, विकलांगता आणि स्वतःचा दोष नसताना ओढवलेली हलाखी अशा प्रसंगी सार्वजनिक साहाय्य पुरविण्याचे निदेश राज्यास देतो. हे तत्त्व न्यायालयामार्फत थेट अमलात आणता येत नाही. तथापि, ज्या हलाखीत साहाय्य करण्यास घटना सांगते, त्याच हलाखीबद्दल शिक्षा करणारा कायदा अनुच्छेद २१ पुढे टिकू शकत नाही. मूलभूत हक्कांचा अर्थ लावताना निदेशक तत्त्वे कशी प्रकाश देतात, याचे हे उत्तम उदाहरण आहे.

सर्व कायदा रद्द झाला काय?

परीक्षार्थींचा येथे नेहमी गोंधळ होतो. अनुच्छेद १३ नुसार मूलभूत हक्कांशी विसंगत कायदा 'त्या विसंगतीच्या मर्यादेपर्यंत' शून्य ठरतो. १९५७ च्या चामरबागवाला प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलेल्या पृथक्करणीयतेच्या सिद्धान्तानुसार दूषित भाग वेगळा करता आल्यास उरलेला भाग टिकतो. त्यानुसार इतरांना भीक मागावयास लावणाऱ्यांना शिक्षा करणारे कलम ११ दिल्लीत कायम राहिले. सक्तीने भीक मागावयास लावणाऱ्या टोळ्यांना आळा घालण्यासाठी, सामाजिक व आर्थिक वस्तुस्थितीचा अभ्यास करून, नवा कायदा करण्याची मुभाही न्यायालयाने शासनास दिली. याशिवाय बालकांना भिक्षेसाठी वापरणे हा बाल न्याय अधिनियम, २०१५ च्या कलम ७६ अन्वये, तर त्यासाठी बालकाचे अपहरण करणे अथवा त्यास अपंग करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १३९ अन्वये गंभीर गुन्हा आहे.

आणखी एक भेद ध्यानात ठेवावा. अनुच्छेद २३ ने प्रतिबंधित केलेली 'बिगार' म्हणजे वेठबिगारी. तिचा भिक्षेशी संबंध नाही. मात्र सक्तीने भीक मागावयास लावणे हे माणसांच्या अपव्यापाराशी निगडित असल्यास तो अनुच्छेद तेथे लागू होऊ शकतो.

निर्णयाची भौगोलिक मर्यादा

अनुच्छेद १४१ नुसार सर्वोच्च न्यायालयाने घोषित केलेला कायदा भारतातील सर्व न्यायालयांवर बंधनकारक असतो. उच्च न्यायालयाचा निर्णय त्याच्या क्षेत्रातील दुय्यम न्यायालये व प्राधिकरणे यांच्यावर बंधनकारक असतो. अन्य उच्च न्यायालयांसाठी त्याचे मूल्य मार्गदर्शक स्वरूपाचे असते. शिवाय दिल्ली उच्च न्यायालयाने हा कायदा 'दिल्लीला लागू असलेल्या स्वरूपात' तपासला. महाराष्ट्रात तो राज्य विधानमंडळाच्या अधिकारातील स्वतंत्र कायदा आहे. त्यामुळे तेथील तरतुदी राज्य विधानमंडळ, मुंबई उच्च न्यायालय किंवा सर्वोच्च न्यायालय यांच्याच कृतीने दूर होऊ शकतात.

मार्गदर्शक मूल्यही निष्फळ नसते. न्यायमूर्ती गीता मित्तल पुढे जम्मू आणि काश्मीर उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्ती झाल्या. त्यांच्या खंडपीठाने ऑक्टोबर २०१९ मध्ये तेथील १९६० चा भीक प्रतिबंधक कायदा घटनाबाह्य ठरविला. जुलै २०२१ मध्ये कोविड साथीच्या काळात भिक्षेकऱ्यांना रस्त्यांवरून हटविण्याची मागणी सर्वोच्च न्यायालयासमोर आली, तेव्हा या प्रश्नाकडे अभिजनवादी दृष्टीने पाहता येणार नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले. दिल्लीतील लामपूर येथील भिक्षेकरी गृहात २००० साली झालेल्या मृत्यूंशी संबंधित प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२५ मध्ये निर्णय देऊन, अशी गृहे तुरुंगासमान नसून पुनर्वसनासाठी आहेत, असे प्रतिपादन केले आणि आरोग्यतपासणी, स्वच्छता व देखरेख यांविषयी निर्देश दिले.

उरलेले प्रश्न

२०१८ च्या निर्णयाची एक मर्यादा नमूद करणे आवश्यक आहे. अटकेच्या तरतुदींबरोबर प्रमाणित संस्थांविषयीच्या तरतुदीही गेल्या. संस्थांचे स्वरूप कोंडवाड्यासारखे असले, तरी निराधारांना छत देणारी कायदेशीर चौकट तीच होती. न्यायालय दंडाची तरतूद रद्द करू शकते; परंतु निवारा बांधणे, रोजगाराचे प्रशिक्षण देणे, मनोरुग्णांवर उपचार करणे ही कामे कार्यकारी यंत्रणेचीच आहेत. २०११ च्या जनगणनेत देशात भिक्षेकरी व भटके मिळून ४,१३,६७० व्यक्तींची नोंद झाली होती. त्यांच्यासाठी केंद्रीय सामाजिक न्याय व अधिकारिता मंत्रालयाने फेब्रुवारी २०२२ मध्ये 'स्माइल' योजना सुरू केली. तिच्यात सर्वेक्षण, निवारा, समुपदेशन, शिक्षण आणि कौशल्यविकास यांवर भर आहे. योजना शासनाच्या इच्छेनुसार बदलू शकते, हक्क मात्र बदलत नाही. म्हणून पुनर्वसनाला वैधानिक आधार मिळणे अगत्याचे आहे.

हात पसरणाऱ्याला तुरुंगात टाकू नये, एवढेच या निर्णयाने राज्यसंस्थेला सांगितले. तो हात पसरण्याची वेळच येऊ नये, ही जबाबदारी अनुच्छेद ४१ ने १९५० पासूनच तिच्यावर सोपविलेली आहे.