मराठी ख्रिस्ती उपासनागीत : छंद, चाल आणि सातारा–सांगलीचा परिसर

ख्रिस्ती उपासनेत संगीताचे स्थान केवळ शोभेचे नाही. उपासनेसाठी जमलेल्या मंडळीने स्वतः गावे, हा त्या उपासनेचाच एक भाग होय. यहुदी स्तोत्रांचा वारसा आरंभीच्या ख्रिस्ती मंडळीने घेतला. पुढे मध्ययुगीन युरोपात गायनाचा अधिकार बव्हंशी धर्मगुरू व मठवासी ह्यांच्याकडे गेला. सोळाव्या शतकात मार्टिन ल्यूथरने तो लोकभाषेतील गीतांच्या द्वारे पुन्हा सामान्य जनांच्या मुखी आणला. प्रॉटेस्टंट मिशने महाराष्ट्रात आली ती ही समजूत घेऊनच. परंतु मंडळीने गावयाचे तर कोणत्या भाषेत, एवढाच प्रश्न त्यांच्यापुढे नव्हता. भाषा मराठी असावी हे लवकरच ठरले. गीताचा सांगाडा कोणत्या भाषेचा असावा, हा प्रश्न मात्र बराच काळ अनिर्णीत राहिला, आणि त्याचे एक महत्त्वाचे उत्तर सातारा येथे मिळाले.

प्रश्नाचे स्वरूप भाषाशास्त्राच्या अंगाने पाहिल्यास स्पष्ट होते. इंग्रजी पद्यरचना बलाघातावर उभी असते. शब्दातील एका अवयवावर जोर पडतो, इतर अवयव दबले जातात. जोर आणि दाब ह्यांच्या नियमित आवर्तनातून लय निर्माण होते. इंग्रजी स्तोत्रांत अत्यंत रूढ असलेल्या एका बंधात आठ आणि सहा अवयवांच्या ओळी एकाआड एक येतात आणि प्रत्येक दुसऱ्या अवयवावर आघात पडतो. चाल ह्याच आघातांवर बेतलेली असते. मराठीत बलाघात क्षीण आहे. त्याने सामान्यतः शब्दाचा अर्थ बदलत नाही. मराठी कानाला जाणवते ते अक्षराचे लघुत्व किंवा गुरुत्व. तेव्हा इंग्रजी चालीत मराठी शब्द बसवताना केवळ अक्षरे मोजून भागत नाही.

‘तारणारा’ हा ख्रिस्ती मराठीतील नित्याचा शब्द उदाहरणादाखल घ्यावा. लेखनात त्याची चार अक्षरे आहेत. उच्चारात मात्र ‘र’मधील अकार जवळजवळ लोप पावतो आणि शब्द ‘तार्‌णारा’ असा ऐकू येतो. हा शब्द वर सांगितलेल्या बंधाच्या आरंभी ठेवल्यास पहिला आघात नेमका त्या ‘र’वर पडतो. बोलताना ज्या अक्षराला स्वरही उरत नाही, त्यावर चालीचा सारा भार येतो आणि ‘ता’ हा मूळचा गुरू अवयव घाईने उरकावा लागतो. ज्या चालींचा आरंभच आघाताने होतो, तेथे ‘कृपा’सारखा शब्द अडचणीत येतो, लघू ‘कृ’ लांबतो आणि गुरू ‘पा’ आखडतो. त्यात मराठी वाक्यात क्रियापद शेवटी येते, इंग्रजी ओळीचा शेवट बहुधा नामावर होतो. यमक साधण्यासाठी अनुवादक वाक्य उलटेसुलटे करतो. अशा गीतातील प्रत्येक शब्द मराठी असूनही ऐकणाऱ्यास ते परके वाटते. हे परकेपण धर्माचे नसून उच्चाराचे असते. पण ऐकणारा असा भेद करीत बसत नाही. ख्रिस्ती होणे म्हणजे मराठीपण सोडणे, हा समज दृढ होण्यास अशा गायनाने हातभार लावला असल्यास नवल नाही.

ह्यावर तोड निघणे अशक्य नव्हते, हे त्यापूर्वी दोन शतके गोमंतकात दिसून आले होते. इंग्लंडमध्ये जन्मलेले जेझुइट फादर थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यास आले. त्यांचे ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये रायतूर येथे छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्यांचा हा ग्रंथ रोमन लिपीत छापलेला असला, तरी त्याचा छंद अस्सल मराठी आहे. परंतु घाटावरील प्रॉटेस्टंट गीतरचनेशी त्याच्या परंपरेचा प्रत्यक्ष संबंध दाखवता येत नाही. तिला आपली वाट स्वतंत्रपणे शोधावी लागली.

तो शोध प्रथम अहमदनगर येथे (आजचे अहिल्यानगर) अमेरिकन मराठी मिशनच्या परिसरात सुरू झाला. कृष्णराव रत्नाजी सांगळे (१८३४–१९०८) ह्यांनी देशी चालींवर पदे रचली आणि हरिकीर्तनाचा घाट ख्रिस्तकथेसाठी वापरण्याच्या उपक्रमात ते अग्रभागी होते. कीर्तनाने ख्रिस्ती गीताला साकी, दिंडी, पद असे मात्रांवर चालणारे बंध दिले. मात्रांच्या हिशेबात लघू अक्षराची एक मात्रा, गुरूच्या दोन. म्हणजे मराठीचा नैसर्गिक तोल येथे राखला जातो. सांगळ्यांचे तन, मन व धन अर्पण करणारे गीत पुढे मिशनरी अल्डेन क्लार्क प्रभृतींनी इंग्रजीत नेले, आणि ते आपल्या हिंदी चालीसह पाश्चात्त्य स्तोत्रसंग्रहांत समाविष्ट झाले. ज्या मार्गाने परकी चाल महाराष्ट्रात आली, त्याच मार्गाने देशी चाल उलट दिशेस गेली, हे येथे नमूद करण्याजोगे आहे.

नारायण वामन टिळक (१८६१–१९१९) ह्यांचे कार्य ह्या पार्श्वभूमीवर पाहावयास हवे. त्यांचा बाप्तिस्मा १८९५ मध्ये झाला. अहमदनगरच्या वास्तव्यात त्यांनी विपुल गीतरचना केली; १९१२ पासून ‘ज्ञानोदय’ ह्या १८४२ साली निघालेल्या पत्राच्या मराठी विभागाचे संपादन केले. १९१७ मध्ये मिशनची वेतनी सेवा सोडून त्यांनी संन्यस्त जीवन पत्करले आणि ते सातारा येथे राहावयास आले. तेथे त्यांनी ‘देवाचा दरबार’ स्थापन केला. बाप्तिस्मा घेतलेल्या व न घेतलेल्या अशा दोन्ही प्रकारच्या ख्रिस्तभक्तांना त्यात स्थान होते. ह्या दरबाराची कल्पना आणि त्या काळातील टिळकांचा अभंगाकडील ओढा ह्यांचा परस्परसंबंध चरित्रकार सहसा स्पष्ट करीत नाहीत. बाप्तिस्मा न घेतलेल्या मनुष्यास मंडळीच्या चालीरीती ठाऊक नसतात. पुस्तक हाती घेऊन उभ्याने गाण्याची सवय त्यास नसते. अभंग मात्र त्यास ठाऊक असतो. सर्वांनी मिळून गाता येईल असे जे एकच साधन उभयतांपाशी होते, ते अभंग होय. आपण तुकारामाच्या वाटेनेच ख्रिस्तापर्यंत पोहोचलो, असे टिळक म्हणत. ते केवळ कृतज्ञतेचे उद्गार नव्हते.

अभंगाचे छंदोरूप ह्या कार्यास विशेष अनुकूल आहे. माधवराव पटवर्धनांनी ‘छंदोरचना’ (१९३७) ह्या ग्रंथात मराठी पद्याचे वृत्त, जाति आणि छंद असे तीन वर्ग केले. वृत्तात लघुगुरूंचा क्रम ठरलेला असतो, जातीत मात्रांची बेरीज ठरलेली असते. ओवी व अभंग ज्यात मोडतात त्या छंदात केवळ अक्षरसंख्या पाहिली जाते आणि लघुगुरुभेद गायनात विरून जातो. मोठ्या अभंगात सहा, सहा, सहा व चार अक्षरांचे चरण, लहानात आठ-आठ अक्षरांचे. इंग्रजी स्तोत्रातही अक्षरेच मोजली जातात, मग भेद कोणता? भेद असा की, इंग्रजी चाल प्रत्येक अक्षराची जागा आणि वजन आधीच ठरवून देते. अभंगाचा गायक भजनी ठेक्याच्या आठ मात्रांत अक्षरे आपल्या सोयीने पसरतो. ‘तारणारा’ हा शब्द अभंगाच्या चार अक्षरांच्या अखेरच्या चरणात बरोबर मावतो. ‘ता’वर थांबावे, ‘र’ला स्पर्श करून पुढे जावे, ‘रा’ लांबवावा, हे गाणाऱ्याच्या हाती राहते. परक्या चालीत ज्या शब्दाची ओढाताण झाली, तो येथे सहज विसावतो.

छंदाबरोबर शब्दसृष्टीही आली. टिळकांनी ख्रिस्तास माता व गुरू ह्या नात्यांनी संबोधिले. ज्ञानदेवांपासून चालत आलेला ‘माउली’ हा भाव ख्रिस्ती प्रार्थनेत स्थिरावला. मराठी भक्तिकाव्यात देवास एकवचनी ‘तू’ म्हणण्याची जी जवळीक आहे, ती मिशनरी गद्यातील जडशीळ विनवणीस क्वचितच साधली होती. टिळकांच्या काही गीतांचे निकोल मॅक्निकोल ह्यांनी केलेले अनुवाद इंग्रजी स्तोत्रसंग्रहांत गेले आहेत. परंतु ‘माउली’ ह्या शब्दातील पंढरीचा पडसाद त्यांत उतरणे शक्य नव्हते.

येथे एक आक्षेप विचारात घेणे अगत्याचे आहे. अभंग सर्व मराठी जनांचा, असे म्हणणे सोपे आहे. परंतु ह्या भागातील खेड्यापाड्यांच्या मंडळ्यांत बहुसंख्य माणसे अस्पृश्य मानल्या गेलेल्या महार व मांग समाजांतून आली होती. एकतारीवरील भजन आणि हलगी-सनई ही त्यांची स्वतःची संगीतविद्या होती. हलगी व सनई ही वाद्ये गावकीच्या चाकरीशी जखडलेली असल्याने उपासनेत त्यांना सहसा मान मिळाला नाही. हे समजण्याजोगे असले तरी खेदाचे आहे. ब्राह्मण कुळातून आलेल्या टिळकांनी अभंगाकडे वळणे आणि त्या समाजांतील माणसाने अभंग गाणे, ह्यांचा अर्थ एक नव्हे. चौदाव्या शतकातील चोखामेळ्यास पंढरीच्या मंदिराबाहेर उभे राहूनच अभंग म्हणावा लागला, आणि ते मंदिर अस्पृश्य मानलेल्यांना १९४७ मध्ये, साने गुरुजींच्या उपोषणानंतर, खुले झाले. सातारा जिल्ह्यातील ख्रिस्ती मंदिरात मात्र चोखोबाचे वारस त्यापूर्वीच आत बसून त्याच छंदात गात होते. निरक्षर मंडळीच्या दृष्टीनेही हा छंद सोयीचा होता. पुढाऱ्याने चरण म्हणावा, इतरांनी ध्रुपद उचलावे. पुस्तकावाचून सर्वांना सहभागी होता येते.

सांगली व मिरजेकडील मंडळ्यांचा इतिहास निराळा. तेथे कार्य करणारे अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशन कोल्हापूरहून आले. कोल्हापुरात रॉयल वाइल्डर ह्यांनी १८५२ मध्ये त्याचा आरंभ केला होता. डॉ. विल्यम वॉनलेस ह्यांनी मिरजेस १८९४ मध्ये उभारलेले रुग्णालय हे त्याचे सर्वांत ख्यातनाम कार्य. दोन मिशनांच्या मंडळ्या १९२४ मध्ये उत्तर हिंदुस्थानच्या संयुक्त मंडळीत एकत्र आल्या. ‘उपासनासंगीत’ हे पुस्तक ह्या मंडळ्यांच्या समाईक वापरातले. त्याच्या जुन्या आवृत्तीतील सुमारे ७०० गीतांपैकी एकतृतीयांशाहून अधिक एकट्या टिळकांची आहेत.

वाद्यांच्या बाबतीत हा परिसर मोठा बोलका आहे. मिरज हे तंबोरे व सतार घडविणाऱ्या कारागिरांचे गाव. तेथील सतार व तंबोरा ह्यांना २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. अब्दुल करीम खाँ ह्यांनी वास्तव्यासाठी मिरज निवडले. परंतु त्या गावातील ख्रिस्ती मंदिरात प्रमुख स्थान तंबोऱ्याला नव्हे, तर पेटीला मिळाले. एकोणिसाव्या शतकात पॅरिसमध्ये सिद्ध झालेले हे वाद्य पायाने भाता चालविण्याच्या रूपात येथे आले आणि पुढे कलकत्त्यास हाताने भाता हलविण्याजोगे केले गेले. पेटीचे बारा स्वर समान अंतरावर बांधलेले असतात. गळ्यातील श्रुतींचे बारकावे तीत सापडत नाहीत. ह्या उणिवेची सर्वांत चिकाटीची चिकित्सा सांगलीतच झाली, हा योगायोग लक्षणीय आहे. सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल ह्यांनी १९१० मध्ये बावीस श्रुतींवरील आपली पुस्तिका प्रसिद्ध केली. सनदी अधिकारी ई. क्लेमेंट्स ह्यांच्या साहाय्याने श्रुतीपेटी तयार करविली. १९१६ च्या बडोदे येथील संगीत परिषदेत तिच्यावर वाद झाला. ती पेटी प्रचारात आली नाही. मंडळीने साधीच पेटी ठेवली, आणि त्यात गैर काही नाही. शंभर अशिक्षित गळ्यांना एका सुरावर धरून ठेवणे हे तिचे काम, श्रुतिदर्शन हे नव्हे. मात्र अभंगाच्या जुन्या चालींतील काही स्वरस्थाने तिच्यामुळे हळूहळू सरळ झाली असावीत, असे अनुमान करता येते.

ह्याहून गंभीर बाब लेखनाची आहे. पाश्चात्त्य स्तोत्रसंग्रहांत गीताबरोबर चालीचे स्वरलेखन छापण्याची रीत आहे. मराठी गीतसंग्रहांत केवळ शब्द छापले गेले आणि शिरोभागी, फार तर, ‘चाल’ असे लिहून दुसऱ्या एखाद्या पदाचे पहिले शब्द दिले गेले. ज्या काळी ती पदे कीर्तनातून वा संगीत नाटकातून घराघरांत पोहोचली होती, त्या काळी एवढे पुरेसे होते. पुढे खुणेचे ते पद विस्मरणात गेले की खूण निरर्थक होते. गीत उरते, चाल जाते. मग तरुण मंडळी त्याच शब्दांना चित्रपटाच्या वळणाची किंवा ध्वनिमुद्रणावरून उचललेली चाल लावतात आणि वृद्ध गाणाऱ्यास आपलेच गीत ओळखू येत नाही. ह्यात तरुणांचा दोष नाही. त्यांच्या हाती दुसरे काही दिलेले नाही. विष्णु दिगंबर पलुसकर मिरजेतच गायन शिकले व पुढे स्वरलेखनाचा पुरस्कार करते झाले. त्याच मिरजेच्या मंडळ्यांची गीते स्वरलेखनावाचून राहिली.

कॅथलिक उपासनेत हा प्रश्न उशिरा, परंतु अधिक तीव्रतेने उद्भवला. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६३ मध्ये उपासनेत लोकभाषेस वाव दिल्यावर लॅटिन गायनाच्या जागी मराठी गीते अल्पावधीत सिद्ध करावी लागली. प्रॉटेस्टंट मंडळीस जे अवधान दोन पिढ्यांच्या प्रयोगांतून आले, त्यासाठी येथे काही वर्षेच मिळाली. त्या गीतांतील शब्द आणि आघात ह्यांच्या जुळणीचा स्वतंत्र अभ्यास व्हावयास हवा.

तूर्त निकडीचे काम संग्रहाचे आहे. सातारा, वाई, सांगली व मिरज येथील मंडळ्यांत जुन्या चाली मुखोद्गत असलेले गायक आज वृद्ध आहेत. एकाच गीताच्या दोन गावांतील चाली ध्वनिमुद्रित करून शेजारी ठेवल्या, तर अकारलोप, अक्षरविस्तार आणि ठेका ह्यांचे संबंध जितके स्पष्ट होतील तितके छापील आवृत्त्यांच्या तुलनेतून कधीही होणार नाहीत. मुद्रण करताना गायकास पेटीशिवायही एकदा गावयास सांगावे, म्हणजे स्वरस्थानांविषयीचे वर नोंदविलेले अनुमान पडताळून पाहता येईल.