कळ आणि अक्षर

गेल्या वर्षी शिष्यवृत्तीचा अर्ज संगणकावर भरत होतो. ‘नाव मराठीत लिहा’ असा रकाना होता. पण नाव काही उमटेना. कळ दाबावी, तरी रकाना कोराच! मुदतीचा शेवटचा दिवस. दोष माझ्या बोटांचा नव्हता, हे पुढे कळले.

कळ खाली जाताच ब्राउझर पानावरील प्रोग्रामला ‘कीडाउन’ अशी वर्दी देतो. मग अक्षर रकान्यात पडते आणि ‘इनपुट’ ही वर्दी जाते. कळ सुटली की ‘कीअप’. पहिल्याच वर्दीला प्रोग्रामने मनाई केली, तर अक्षर उमटतच नाही. माझ्या अर्जात ए ते झेड एवढ्यांनाच मुभा होती. बाकी सारी दारातूनच परत!

शिवाय मराठीत कळ म्हणजे अक्षर नव्हे. ‘स्त्री’ हे दिसायला एक अक्षर. पण युनिकोडच्या हिशेबाने त्यात स, हलन्त, त, हलन्त, र आणि दीर्घ वेलांटी अशी ६ चिन्हे आहेत. मोबाइलवर तर ‘कीडाउन’सोबत पुष्कळदा खऱ्या कळीऐवजी २२९ हा एकच ठोकळ आकडा येतो. त्यावरून प्रोग्रामने काय ओळखावे?

म्हणून जाणता प्रोग्रामकार कळीवर पहारा बसवीत नाही. ‘इनपुट’नंतर रकान्यात प्रत्यक्ष काय उमटले ते तो पाहतो आणि चूक असल्यास तसे सांगतो.

मी शेवटी रोमन लिपीत नाव लिहून मुदत गाठली. मराठीच्या रकान्यात माझे नाव मात्र परक्या लिपीतच राहिले.