स्लॅपस्टिक विनोद, मूकपटातील

मारहाण, पडझड, पाठलाग व वस्तूंची मोडतोड यांतून हास्य निर्माण करणारा विनोदप्रकार. स्लॅपस्टिक म्हणजे दोन फळ्या जोडून केलेली लाकडी पट्टी. इटलीतील ‘कॉम्मेदिया देल्लार्ते’ या नाट्यप्रकारातील विदूषक ती वापरीत. तिच्या फटक्याने आवाज मोठा होई. मार मात्र फारसा लागत नसे. आघात दिसावा, पण वेदना जाणवू नये, हे या विनोदाचे मर्म त्या पट्टीतच आहे.

ल्यूम्येअर बंधूंच्या १८९५ मधील एका लघुपटात एक पोर माळ्याच्या नळीवर पाय देते. पाणी का थांबले म्हणून माळी नळीत डोकावतो आणि पोर पाय उचलते. चित्रपटीय स्लॅपस्टिकचा हा आरंभ होय. पुढे पाते कंपनीच्या लघुपटांतून आंद्रे दीद व माक्स लँदेर हे फ्रेंच नट लोकप्रिय झाले. त्यांचाच कित्ता मॅक सेनेट (१८८०–१९६०) याने गिरविला. १९१२ मध्ये त्याने स्थापिलेल्या कीस्टोन कंपनीचे धांदरट पोलीस, मेबल नॉर्मंड व रॉस्को आर्बकल यांनी अमेरिकन प्रेक्षकांना वेड लावले. चार्ली चॅप्लिनचा भटक्या पडद्यावर प्रथम आला तो १९१४ मध्ये, कीस्टोनच्याच एका लघुपटात. मुलांच्या मोटारशर्यतीचे चित्रण चालू असता तो पुनःपुन्हा कॅमेऱ्यासमोर येऊन उभा राहतो, एवढेच त्याचे कथानक.

एका रिळाची लांबी सु. ३०० मी. असे. तेवढ्यात कथा फुलविण्यास वाव नसल्याने गतीवर भर दिला जाई. कॅमेऱ्याचा दांडा हाताने सावकाश फिरविला, की पडद्यावरील हालचाल अतिवेगवान दिसे. या वेगामुळे माणसे बाहुल्यांसारखी भासत व त्यांच्या पडण्याची कीव येत नसे.

नटांची शरीरे मात्र खरीच होती. १९१९ मध्ये छायाचित्रासाठी हाती घेतलेला खोटा समजलेला बाँब फुटून हॅरल्ड लॉइडच्या उजव्या हाताचा अंगठा व तर्जनी गेली. पुढील चित्रपटांत तो हातमोजा घालून ते व्यंग झाकीत असे. सरकत्या जिन्याच्या प्रसंगात बस्टर कीटनचा पाय मोडल्याने त्याचा दि इलेक्ट्रिक हाउस हा लघुपट लांबणीवर पडून १९२२ मध्ये पुरा झाला. एवढी जोखीम पत्करूनही कीटनचा चेहरा निर्विकारच राही, आणि प्रेक्षक निर्धास्तपणे हसत.