जुनी मोटार पाहावी घेऊन

घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून, असे आपल्याकडची जुनी माणसे म्हणत. त्यांच्या काळी जुन्या मोटारींचा बाजार नव्हता. असता तर या म्हणीला तिसरा चरण खास जोडला गेला असता. घर बांधताना गवंडी निदान आपल्या डोळ्यांदेखत विटा रचतो. लग्नात मुलाची-मुलीची चौकशी चार ठिकाणी करता येते. जुनी मोटार मात्र अंगाला चकाकी आणून आणि टायरांना तेल चोपडून उभी असते, आणि तिचे पूर्वायुष्य सांगणारा एकच इसम समोर असतो. तो म्हणजे विकणारा!

गेल्या दहा-बारा वर्षांत आपल्या मध्यमवर्गाला उंच मोटारीची हौस लागली आहे. दिसायला जीपसारखी उंच, पण आतली घडण साध्या मोटारीचीच, अशी जी गाडी असते तिला क्रॉसओव्हर म्हणतात. खऱ्या जीपला खाली पोलादी चौकट असते आणि तिच्यावर वरचा डोलारा बसवलेला असतो. क्रॉसओव्हरचा सांगाडा एकसंध असतो. २०१२ साली डस्टर आली, २०१३ साली इकोस्पोर्ट, २०१५ साली क्रेटा, २०१६ साली व्हिटारा ब्रेझा आणि २०१७ साली नेक्सॉन. नवी असताना आपल्या आवाक्याबाहेरची वाटलेली ही मंडळी आता हातबदलीच्या बाजारात पुष्कळ उतरलेल्या किमतीला मिळतात आणि पगारदार माणसाच्या मनात चलबिचल सुरू होते.

पण यात एक गोम आहे. गाडीचे नाव एक असले तरी पोटातले इंजिन एक नसते. डस्टर १.६ लिटरच्या पेट्रोल इंजिनातही मिळे आणि १.५ लिटरच्या डिझेलातही. त्यातही डिझेलचे कमी शक्तीचे आणि जास्त शक्तीचे असे दोन अवतार. ब्रेझा पहिली चार वर्षे फक्त डिझेलवर धावली आणि २०२० साली पेट्रोलवर आली. म्हणून 'मला ब्रेझा घ्यायची आहे' असे म्हणणे म्हणजे 'मला कुलकर्ण्यांची मुलगी करायची आहे' असे म्हणण्यासारखे आहे. कोणत्या कुलकर्ण्यांची, हा प्रश्न उरतोच!

दोन साडू, दोन गावे

मी साताऱ्यात मराठी शिकवतो. माझे साडू सांगलीला हळदीच्या व्यापारात आहेत. दोन्ही घरांत एकाच सुमारास जुनी क्रॉसओव्हर घेण्याची टूम निघाली. दोन बहिणींचे रोज फोनवर बोलणे होत असल्यामुळे तसे होणे अपरिहार्यच होते. साडूंनी पहिल्याच बैठकीत निकाल देऊन टाकला.

"हे बघा प्रोफेसरसाहेब, तुमचा सातारा डोंगराचा. यवतेश्वर चढायचा, पसरणीचा घाट चढायचा, पुण्याला जायचं म्हटलं की खंबाटकी आहेच. तुम्ही डोळे मिटून डिझेल घ्या. आमची सांगली पाटासारखी सपाट. आम्हाला पेट्रोल पुरे."

"साडूभाऊ," मी म्हणालो, "गाव कसे आहे ते तुम्ही सांगितलेत. गाडी किती फिरणार आहे ते कुठे सांगितलेत?"

ऐकणाऱ्याला त्यांचे म्हणणे पटावे असेच होते. घाटात डिझेल बरे, ही गोष्ट खोटी नाही. पण इंजिनाची निवड गावाच्या उंचसखलपणावर होत नाही. घरातल्या माणसांच्या फिरण्यावर होते. ते कसे, हे समजण्यासाठी दोन्ही इंजिनांचा स्वभाव थोडा पाहिला पाहिजे.

ठिणगीचे इंजिन आणि दाबाचे इंजिन

निकोलाउस ओटो या जर्मन गृहस्थाने १८७६ साली चार टप्प्यांचे इंजिन चालवून दाखवले. आजचे पेट्रोल इंजिन त्याच्याच वंशातले. त्यात हवा आणि पेट्रोल यांचे मिश्रण साधारण दहापट दाबतात आणि स्पार्कप्लगच्या ठिणगीने पेटवतात. रुडॉल्फ डिझेल याचे इंजिन १८९७ साली यशस्वी झाले. त्यात ठिणगीच नाही. नुसती हवा पंधरा-सोळापट दाबायची. त्या दाबानेच ती इतकी तापते की आत डिझेलचा फवारा सोडताच तो आपोआप पेट घेतो.

हा दाब सोसायचा म्हणजे इंजिन दणकट हवे, म्हणून ते वजनदार आणि महाग. त्याच्या बदल्यात ते इंधन कमी पिते आणि कमी फेऱ्यांतही जोर देते. कृष्णाकाठच्या माणसाला हे नव्याने सांगायला नको. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१० साली किर्लोस्करवाडी वसवली ती आजच्या सांगली जिल्ह्यातच. पुढे १९४६ साली पुण्यात किर्लोस्कर ऑइल इंजिन्स निघाली आणि विहिरीवर धडधडणारे डिझेल इंजिन खेडोपाडी ओळखीचे झाले. ते तासन् तास चालते आणि तसे चालण्यातच त्याचे आरोग्य असते. मोटारीतल्या डिझेल इंजिनाची प्रकृतीही वेगळी नाही. त्याला काम हवे असते!

वहीतला हिशेब

आता कागद-पेन्सिल घ्या. हिशेबापुरते असे धरा की पेट्रोल १०४ रुपये लिटर आणि गाडी लिटरला १३ किलोमीटर जाते. म्हणजे किलोमीटरला आठ रुपये. डिझेल ९० रुपये आणि गाडी १८ किलोमीटर जाते. म्हणजे पाच रुपये. किलोमीटरमागे तीन रुपये वाचले. पण त्याच वयाची डिझेल गाडी एक लाखाने महाग पडली, तर तो लाख वसूल व्हायला सुमारे ३३,००० किलोमीटर फिरावे लागेल.

आमचे फिरणे महिन्याला पाचशे किलोमीटर. कॉलेज तीन किलोमीटरवर, भाजी मंडईत, आणि एखाद्या रविवारी वाई नाहीतर सज्जनगड. वर्षाचे झाले सहा हजार. लाख वसूल व्हायला साडेपाच वर्षे लागणार. तोपर्यंत आठ-नऊ वर्षांच्या गाडीचा पंधरा वर्षांच्या नोंदणीचा पहिला दाखलाही संपत येणार! त्यात डिझेलचा इंजेक्टर किंवा टर्बो एकदा जरी बिघडला तरी सगळी बचत एका बिलात वाहून जाते.

साडूंची गोष्ट निराळी. हळदीसाठी त्यांना जत, कवठेमहांकाळ, कधी विजापूरपर्यंत जावे लागते. महिन्याला अठराशे किलोमीटर सहज. त्यांचा लाख दीड वर्षात वसूल. म्हणजे पहिल्या बैठकीचा निकाल नेमका उलटा झाला. डोंगरातल्या मास्तराला पेट्रोल आणि सपाटीवरच्या व्यापाऱ्याला डिझेल!

धुरकांडीतली काजळी

केवळ पैशाचाच प्रश्न असता तर हौसेला मोल नाही म्हणून सोडून देता आला असता. पण १ एप्रिल २०२० पासून देशात भारत स्टेज ६ हे नियम आले आणि डिझेल मोटारींच्या धुराच्या नळीत काजळी अडवणारी एक गाळणी बसू लागली. ही गाळणी भरली की आतली काजळी जाळून टाकावी लागते आणि त्यासाठी धूर चांगला तापावा लागतो. हमरस्त्यावर पंधरा-वीस मिनिटे एका वेगाने गाडी चालली की हे काम आपोआप होते. पण जी गाडी रोज पोरांना शाळेत सोडते, मंडईत थांबते आणि घरी परतते, तिची गाळणी कधी साफच होत नाही. ती तुंबते, न जळलेले डिझेल इंजिनच्या तेलात उतरते आणि तेल पातळ होते. अशी नवीन डिझेल गाडी शहरातल्या शहरात फिरलेली असेल, तर मीटरवरचा कमी आकडा पाहून हुरळून जाऊ नका. इथे कमी फिरणे हा गुण नव्हे, दुखण्याची खूण असू शकते.

मग घाटाचे काय?

साडूंचा घाटाचा मुद्दा मी विसरलो नव्हतो. महाबळेश्वर साडेचार हजार फुटांवर आहे. तिथली हवा समुद्रकाठच्या हवेपेक्षा सुमारे आठव्या हिश्शाने विरळ. साधे पेट्रोल इंजिन हवा स्वतः ओढून घेते; हवाच विरळ म्हटल्यावर त्याचा जोरही तेवढा घटतो. पाच माणसे, सामान आणि चालू वातानुकूलन घेऊन पसरणी चढताना हे लगेच जाणवते. टर्बो असलेल्या इंजिनात पंख्यासारखे एक यंत्र हवा दाबून आत ढकलते, त्यामुळे ही तूट पुष्कळशी भरून निघते. नेक्सॉनचे १.२ लिटरचे तीन सिलिंडरचे पेट्रोल इंजिन असे टर्बोवाले आहे. इकोस्पोर्टमध्ये एक लिटरचे मिळत असे. उलट ब्रेझाचे १.३ लिटरचे डिझेल इंजिन गाजलेले असले तरी कमी फेऱ्यांवर जरा सुस्त असते आणि वळणावर गिअर उतरवावाच लागतो. तेव्हा डिझेल म्हटले की घाटात ओढ आलीच, असेही नाही.

टर्बोला एक पथ्य मात्र आहे. त्याला तेल वेळेवर आणि योग्य प्रतीचे लागते. आधीच्या मालकाने तेल केव्हा केव्हा बदलले याची सर्व्हिसची नोंद दाखवता येत नसेल, तर टर्बोपेक्षा साधे इंजिन शहाणपणाचे. घाटात दुसरा गिअर टाकावा आणि निसर्गशोभा पाहावी.

आपलाच ऊस, आपलेच पेट्रोल

पेट्रोल घेणाऱ्याने आणखी एक चौकशी करावी. २०२३ पासून पंपांवर वीस टक्के इथेनॉल मिसळलेले पेट्रोल येऊ लागले. हे इथेनॉल कुठून येते? त्यातले काही आपल्या सातारा-सांगलीसारख्या उसाच्या पट्ट्यातूनच! शेतकऱ्याच्या दृष्टीने गोष्ट चांगली. पण एप्रिल २०२३ च्या आधीच्या बहुतेक मोटारी दहा टक्क्यांच्या हिशेबाने घडवलेल्या. अशा गाड्यांचे ॲव्हरेज या मिश्रणावर सहा-सात टक्क्यांनी घटू शकते, असे नीती आयोगाच्या २०२१ च्या अहवालातच नमूद होते. इथेनॉल पाणीही शोषून घेते आणि जुन्या रबरी नळ्यांना सोसत नाही. म्हणून गाडीचे माहितीपुस्तक उघडून ती किती टक्क्यांपर्यंतची आहे ते पाहा, इंधनाच्या नळ्या मेकॅनिककडून तपासून घ्या, आणि महिनोन् महिने उभी राहिलेली गाडी शक्यतो टाळा.

पाणी प्यालेले इंजिन

आता सर्वांत नाजूक गोष्ट. सांगलीत आयर्विन पुलापाशी कृष्णेची धोक्याची पातळी ४५ फूट. ऑगस्ट २०१९ मध्ये पाणी ५७ फुटांच्या वर गेले. २००५ आणि २०२१ सालीही ते पन्नाशी ओलांडून गेले होते. माणसांचे संसार बुडाले तिथे मोटारींची काय कथा! त्यांतल्या काही पुढे धुऊन-पुसून दुसऱ्या गावच्या बाजारात उभ्या राहतात.

मी हे बोललो तेव्हा साडू उसळलेच. "म्हणजे एमएच-१० ची पाटी दिसली की बुडालेली म्हणायची काय?" तसे मुळीच नाही. सांगलीतल्या बहुतेक गाड्या कोरड्या आहेत, आणि बुडालेली गाडी मुंबईचीही असू शकते. पाटी पाहू नका, खुणा पाहा. सीटचा पट्टा शेवटपर्यंत ओढा. आतल्या टोकाला चिखलाची रेघ दिसेल. पायाखालची सतरंजी उचला, सीटच्या रुळांचे स्क्रू गंजले आहेत का पाहा, जादा चाकाच्या खाचेत गाळ आहे का ते बोटाने चाचपा. विम्याच्या दाव्याची नोंद मागा. चालू इंजिनाने पाणी ओढले तर ते पाणी हवेसारखे दाबले जात नाही. आतला कनेक्टिंग रॉड वाकतो. तेलाचे झाकण उघडल्यावर आत दुधाच्या चहासारखा रंग दिसला, तर तेलात पाणी गेले असे समजावे आणि विकणाऱ्याला नमस्कार करून निघावे.

बाकीची परीक्षा सोपी आहे. इंजिन गार असतानाच सुरू करून पाहा. आधीच तापवून ठेवले असेल तर का, ते विचारा. निळा धूर म्हणजे तेल जळते आहे. डिझेल गाडीचा दाट काळा धूर म्हणजे इंधन नीट जळत नाही. पांढरी वाफ तापल्यावरही थांबली नाही तर पाणी आत शिरते आहे. डस्टरच्या डिझेल इंजिनासारख्या ज्या इंजिनांत साखळीऐवजी टायमिंग पट्टा असतो, तिथे तो केव्हा बदलला याची पावती मागा. तो तुटला तर इंजिनच जायबंदी होते. आणि सुटे भाग कुठे मिळतात तेही पाहा. इकोस्पोर्ट बनवणाऱ्या फोर्डने २०२१ साली भारतातले मोटारींचे उत्पादन बंद करण्याचे जाहीर केले. गाडी वाईट नव्हे, पण आपल्या गावात तिचा जाणकार मेकॅनिक आहे ना, याची खात्री आधी करावी.

शेवटी आमच्याकडे टर्बो पेट्रोल आली आणि साडूंकडे डिझेल. दोघेही आपापल्या जागी सुखी आहेत. आता 'कोणते इंजिन चांगले?' असे कोणी विचारले तर मी उत्तर देत नाही. उलट प्रश्न विचारतो. गेल्या महिन्यात तुम्ही किती किलोमीटर फिरलात? कुठे, आणि किती जण? हे तीन आकडे वहीत तीन महिने लिहा. मग बाजारात जा. गाडी दाखवणारा गाडीचे गुण सांगेल. तुमच्या गरजेचे गणित मात्र त्याच्यापाशी नसते, ते घरून न्यावे लागते.